ती परी नव्हे!

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत जपानी ॲनिमेवर, म्हणजे तिकडच्या ॲनिमेशन मालिकांवर, आलेला लेख वाचला. परग्रहावरून उतरलेल्या देखण्या मुली, त्यांच्या तावडीत सापडलेला एक शाळकरी मुलगा आणि मग चाललेला धुडगूस, अशा मालिकांचा एक साचाच पडला आहे, मुलांनी तो पाहण्यात वेळ दवडू नये, असा लेखाचा सूर. सोबत हिरव्या केसांच्या, वाघाच्या पट्ट्यांचे तोकडे कपडे घातलेल्या एका मुलीचं चांगलं पाव पान अडवणारं चित्र आणि त्याखाली ओळ: 'अंतराळातली परी'. मालिकेचं नाव कुठे नाही. ती जिच्या डोक्यातून निघाली तिचंही नाही. मी पुण्यात बरीच वर्षं जपानी भाषा शिकवते, त्यामुळे हात शिवशिवले.

त्या मुलीचं नाव लाम. खरं तर जपानीत ल आणि र असे वेगळे उच्चार नाहीत, त्यामुळे तिकडे ती 'रामु' अशीच ऐकू येते. पण मराठी कानाला रामू म्हटलं की भलताच माणूस डोळ्यांपुढे उभा राहतो, म्हणून लामच बरं. मालिका 'उरुसेइ यात्सुरा'. मूळ चित्रकथा रुमिको ताकाहाशी यांची. १९७८ साली 'शोनेन संडे' या साप्ताहिकात ती सुरू झाली तेव्हा त्या वीस वर्षांच्या होत्या, कॉलेजात शिकत होत्या. १९८७ पर्यंत चाललेल्या या कथेचे पुढे ३४ खंड झाले. म्हणजे लेखक ज्याला पडलेला साचा म्हणतात, तो पडायच्या आधीची ही गोष्ट आहे. पुढच्यांनी साचा हिच्यावरून उचलला, आणि उचलताना त्यातलं बरंचसं सांडलं.

काय सांडलं ते सांगते. लाम परग्रहावरची आहे हे खरं, पण त्याआधी ती 'ओनि' आहे. ओनि म्हणजे जपानी लोककथांमधला शिंगवाला राक्षस. आपल्याकडे शिवाशिवी खेळताना ज्याच्यावर राज्य असतं, तो इतरांना पकडतो. जपानी मुलं त्याच खेळाला 'ओनिगोक्को' म्हणतात आणि ज्याच्यावर राज्य असतं तो त्यांचा ओनि. ताकाहाशींच्या पहिल्याच कथेत ओनि लोक पृथ्वी जिंकायला येतात आणि म्हणतात, लढाई कशाला, शिवाशिवी खेळू. पृथ्वीतर्फे निवड होते अतारु मोरोबोशी या उनाड मुलाची. दहा दिवसांत त्यानं लामच्या शिंगांना हात लावायचा. गंमत अशी की इथे पकडायचं माणसानं आणि पळायचं राक्षसिणीनं, आणि राक्षसीण तर उडते! खेळच उलटा केलेला आहे, हे जपानी पोराला न सांगता कळतं. आपल्याला फक्त उडणारी मुलगी दिसते.

ते वाघाचे पट्टे तरी कुठून आले? जपानमध्ये ईशान्य ही अशुभ दिशा, तिला 'किमोन' म्हणजे राक्षसांचं दार म्हणतात. (आपण देवघर नेमकं ईशान्येला मांडतो. एकच दिशा, पण भाडेकरू किती निराळे!) बारा प्राण्यांच्या जुन्या कालगणनेत ही दिशा बैल आणि वाघ यांच्या मध्ये येते. म्हणून ओनिच्या डोक्यावर बैलाची शिंगं आणि कमरेला व्याघ्रचर्म. शतकानुशतकं ओनि असाच रंगवला गेला. ताकाहाशींनी त्या कमरेच्या कातड्याची बिकिनी केली इतकंच. त्यात थट्टा आहे, वाचकांच्या नजरेला खाऊ आहे, हेही मान्य. पण ते कातडं कुठलं हे ज्यांना ठाऊक होतं, त्यांच्यासाठी ती आधी थट्टा होती.

आणि नावं! अतारुचा जन्म शुक्रवारी, १३ एप्रिलला, त्यातून 'बुत्सुमेत्सु' या दिवशी. जपानी दिनदर्शिकेत सहा दिवसांचं एक शुभाशुभाचं चक्र असतं, त्यातला हा सगळ्यात वाईट दिवस. गावाचं नाव तोमोबिकी, शाळेचंही तेच. तोमोबिकी हाही त्याच चक्रातला दिवस, अक्षरशः 'मित्राला ओढणारा'. त्या दिवशी अंत्यविधी टाळतात, न जाणो, गेलेला माणूस बरोबर सोबत्यांनाही न्यायचा. मोरोबोशी अतारु या नावात तर सगळे ग्रह येऊन याच्यावरच आदळत आहेत अशी कोटी आहे. मालिकेच्या नावात 'उरुसाइ', म्हणजे कटकट, कलकलाट, 'गप्प बसा रे' या अर्थाचा शब्द आहे, आणि त्याची शेपटी बदलून तिथे ग्रहताऱ्यांचं अक्षर घुसवलं आहे. माझ्या वर्गात मी दरवर्षी याचं मराठी करायला देते. एका मुलीनं फळ्यावर लिहिलं, 'ग्रहपीडा'. त्यानंतर मी दुसरं उत्तर शोधलेलं नाही.

तेव्हा ही मालिका अंतराळाची कमी आणि पंचांगाची जास्त. लामच्या अवतीभवतीच्या बायका बघा. नेपच्यूनची राणी ओयुकी ही हिमवादळात भेटणारी 'युकिओन्ना', आपल्या हडळीची बर्फातली बहीण म्हणा. कुरामा ही कावळ्याच्या रूपातल्या 'तेंगू' पिशाच्चांची राजकन्या. आणि उडत्या मोटारसायकलीवरून साखळदंड फिरवत येणारी बेनतेन? जपानमध्ये बौद्ध धर्माबरोबर पोचलेली सरस्वती तिथे 'बेन्झाइतेन' झाली. तिच्या हाती वीणेच्या जागी बिवा हे जपानी तंतुवाद्य आलं आणि सात भाग्यदेवतांत ती एकटी स्त्री म्हणून जाऊन बसली. बेनतेन म्हणजे तीच. फेब्रुवारीच्या सुरुवातीला 'सेत्सुबुन'ला जपानी घरांत भाजलेले सोयाबीन फेकत 'ओनि बाहेर, भाग्य आत' असा घोष करतात. मालिकेत याच दिवशी ओनि आणि भाग्यदेवता यांची वार्षिक हाणामारी असते, म्हणजे जिवलग मैत्रिणी लाम आणि बेनतेन समोरासमोर. शाळेच्या पाटीवरची आपली सरस्वती तिथे टवाळ पोरांना बडवते हे कळल्यावर माझा वर्ग दहा मिनिटं शांत होत नाही.

आता लेखकाचं जे बरोबर आहे ते. अतारु दिसेल त्या बाईच्या मागे लागतो, अंगचटीला जातो, आणि मालिका ते हसण्यावारी नेते. लाम त्याला विजेचे झटके देते, त्याची वर्गमैत्रीण शिनोबु बाक फेकून मारते, तरी पुढच्या भागात तो पुन्हा तिथेच. पहिल्या कथेत तो लामला पकडतो तेसुद्धा तिची चोळी हिसकावून. वर्गात मी ते प्रसंग गाळते. एका तरुण बाईनं हे लिहिलं म्हणून ते चालतं असंही मला म्हणवत नाही. लेखकानं हा एक मुद्दा धरून दोन रकाने लिहिले असते तर मी हे पत्र लिहिलं नसतं.

पण लेखात 'हल्लीच्या मालिका' असं म्हणून छापलेलं चित्र १९७८ सालच्या पात्राचं आहे. ॲनिमे १९८१ ते १९८६ फुजी टीव्हीवर चाललं, १९५ भाग. त्यातली सुरुवातीची वर्षं मामोरू ओशिई यांच्या दिग्दर्शनाखाली गेली. पुढे १९९५ साली 'घोस्ट इन द शेल' हा ॲनिमे चित्रपट केला तेच हे. या मालिकेवरच्या त्यांच्या १९८४ सालच्या 'ब्यूटिफुल ड्रीमर' चित्रपटात शाळेच्या स्नेहसंमेलनाचा आदला दिवस पुन्हा पुन्हा उगवत राहतो, आणि विमानातून पाहावं तर अख्खं गाव एका कासवाच्या पाठीवर. आपल्याला कूर्मावतार आठवेल, पण हे कासव उराशिमा तारोच्या जपानी लोककथेतलं, समुद्रतळाच्या महालात नेणारं. २०२२ ते २०२४ मध्ये मूळ चित्रकथेवरून नव्यानं ४६ भाग झाले. त्यात पूर्वीचा अतारु, म्हणजे तोशिओ फुरुकावा, अतारुच्या वडिलांचा आवाज झाले आणि पूर्वीची लाम, फुमि हिरानो, लामच्या आईचा. आपल्या रंगभूमीवर नायिका करणारी नटी पुढे त्याच नायिकेची आई करते, तशातलं.

शेवटची कथा पुन्हा शिवाशिवीचीच आहे. लामला अतारुच्या तोंडून 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' एवढं एकदा ऐकायचं असतं. दहा दिवस. नाही म्हणाला तर ओनि लोक निघून जाणार आणि सगळ्यांची आठवणही पुसली जाणार. वर्षानुवर्षं गावभरच्या मुलींना ज्यानं हेच ऐकवलं, तो तिला ते म्हणत नाही. धावता धावता तो पडतो, आणि त्यानं जपून ठेवलेलं तिचं शिंग त्याच्या हातून सुटतं. ती बघते. त्यावर ती म्हणते, जन्मभर लागला तरी वदवून घेईन. तो म्हणतो, मरतेवेळी सांगेन. बस्स, ३४ खंडांचा हाच शेवट. या प्रसंगापाशी मी वर्गात भाषांतर थांबवते, कारण मराठीत 'आय लव्ह यू' इंग्रजीतच म्हणणाऱ्या आपल्या मुलांना तो मुलगा का अडला हे लगेच कळतं.

विनंती एवढीच की पुढच्या पुरवणीत चित्राखाली रुमिको ताकाहाशी हे नाव छापावं. फ्रान्समधल्या आंगुलेम महोत्सवानं २०१९ साली त्यांना चित्रकथेतल्या कारकिर्दीसाठी सर्वोच्च मान दिला, तर आपल्याकडून एक ओळ निघायला हरकत नाही. आणि 'परी' हा शब्द दुरुस्त करावा. आपण छापलेलंच चित्र भिंग घेऊन पाहिलंत तर केसांत दोन पिवळी शिंगं दिसतील.

आपली,
एक वाचक, पुणे