लाकडी दारांचा रंग उखडला : डब्यावरील सूचनांबाबत तक्रार

प्रति,
व्यवस्थापक,
ग्राहक तक्रार विभाग

विषय : वॉटर-बेस्ड इनॅमलच्या डब्यावरील अपुऱ्या सूचनांमुळे झालेल्या नुकसानीबाबत

महोदय,

घरातल्या लाकडी दारांसाठी आम्ही तुमच्या कंपनीचे वॉटर-बेस्ड इनॅमल घेतले. डब्याच्या दर्शनी बाजूला ठळक अक्षरांत 'सर्व लाकडी दारांसाठी', 'जुन्या रंगावर थेट लावा' आणि '२ तासांत सुकते' असे छापले आहे. त्यावर विश्वास ठेवूनच काम करून घेतले. दारे धुऊन, पुसून कोरडी केली, रंगाचे दोन हात दिले आणि दोन हातांमध्ये सांगितलेला वेळ जाऊ दिला. रात्री दारे लावली. सकाळी ती ओढूनच उघडावी लागली आणि झडपेवरचा रंग चौकटीच्या खाचेला चिकटून राहिला. पुढे कडीजवळही नख लावले की रंगाचा सलग पापुद्रा सुटू लागला. खाली जुना ऑइल पेंट जसाच्या तसा, चकचकीत.

तुमचे प्रतिनिधी दारे पाहून गेले आणि 'लाकूड ओल धरून फुगले, दोष रंगाचा नाही' असे लिहून दिले. हे मला मान्य नाही. फुगलेले दार चौकटीला घासते. तेव्हा रंग झिजतो, ओरखडे उठतात, आणि तेही झडपेच्या बाहेरच्या धारेवर. आमच्याकडे धार शाबूत आहे. रंग गेला आहे तो झडप खाचेला दाबून बसते त्या पट्ट्यात, आणि तिथे एकही ओरखडा नाही. झडपांच्या वरच्या-खालच्या कडाही रंगवलेल्या आहेत. लाकूड सर्वात जास्त ओल पिते ते याच आडव्या कापातून, म्हणून त्या मुद्दाम रंगवून घेतल्या होत्या.

खरे कारण तुमच्याच तांत्रिक माहितीपत्रकात सापडले. २ तासांत रंग फक्त हाताला लागेनासा होतो, पूर्ण कडक व्हायला सुमारे ३ आठवडे लागतात, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे. तोवर या रंगाचा, म्हणजे अॅक्रिलिकचा, थर मऊ असतो आणि रंगवलेले दोन पृष्ठभाग दाबून ठेवले तर एकमेकांना धरतात. भिंतीवर हा प्रश्न येत नाही, कारण भिंत कशावर मिटत नाही. दार रोज मिटते. दारांसाठी म्हणून विकल्या जाणाऱ्या डब्यावर हीच गोष्ट नसावी, याचा मला सर्वात जास्त राग आहे.

जुन्या ऑइल पेंटवर १८० ते २२० नंबरचा पॉलिश पेपर मारून चकाकी घालवा आणि पकड देणारा प्रायमर लावा, हेही त्याच पत्रकात आहे. मग डब्यावर 'थेट लावा' कशाच्या आधारावर छापले? खालचा रंग कोणता आहे हे ओळखणे अवघड नाही. मेथिलेटेड स्पिरिटमध्ये (टर्पेंटाइनमध्ये नव्हे) भिजवलेला कापूस घासला की वॉटर-बेस्ड रंग सहसा मऊ होऊन कापसाला लागतो, ऑइल पेंट ढिम्म राहतो. एवढी एक ओळ डब्यावर असती तर आमची दारे वाचली असती. आणि घासायला सांगाल तेव्हा जुन्या रंगात शिसे असू शकते, त्यामुळे कोरडे घासून धूळ उडवू नये, हेही सांगायलाच हवे. घरात लहान मुले असतात.

'सर्व लाकडी' हा दावाही टिकत नाही. आमचे एक दार नवे, सागवानी आहे. त्यावर पांढऱ्या रंगातून तपकिरी डाग वर आले आहेत. लाकडातले रंगद्रव्य पाण्यात विरघळून वर येते. ते अडवणारा वेगळा प्रायमर लागतो, आणि तो तुमची कंपनीच विकते.

वॉटर-बेस्ड रंगाबद्दल माझी तक्रार नाही. पांढरा ऑइल पेंट घरात, कमी उजेडात पिवळा पडतो आणि वासही बरेच दिवस जात नाही, म्हणून विचार करून हाच प्रकार निवडला होता. नीट सांगितले असते तर पुढेही हाच घेतला असता.

आता रंग खरवडून, घासून, प्रायमरपासून पुन्हा सगळे करावे लागणार आहे. त्यासाठी लागणारा रंग, प्रायमर आणि मजुरी कंपनीने द्यावी. डब्यावरचे 'थेट लावा' काढावे, आणि दार किती दिवस घट्ट लावू नये हे '२ तासांत सुकते' याच्या शेजारी, तितक्याच मोठ्या अक्षरांत, मराठीतही छापावे. रंग डब्यावर वाचून लावला जातो. संकेतस्थळावरचे इंग्रजी पत्रक रंगाऱ्याच्या हातात पोहोचत नाही.

खाचेचे व झडपांचे फोटो, बॅच क्रमांक, खरेदीची पावती आणि तुमच्या प्रतिनिधींचा शेरा सोबत जोडला आहे. १५ दिवसांत लेखी उत्तर द्यावे. ते न आल्यास ग्राहक आयोगाकडे तक्रार दाखल करणार आहे.

कळावे,
आपली ग्राहक