सई, डिरेक्टर व्हायची एवढी घाई नको

प्रिय सई,

परवा फोनवर तू म्हणालीस की कॅमेरा डिपार्टमेंटमध्ये अजून किती वर्षं घासायची, आता सरळ स्वतःची फिल्मच करते. तेव्हा मी गप्प बसलो पण नंतर तेच डोक्यात फिरत राहिलं, म्हणून लिहितोय.

लायोश कोल्ताईचं काम नीट बघ. हंगेरीचा कॅमेरामन, जन्म 1946 चा. 1975 मध्ये मार्ता मेसारोशच्या 'अडॉप्शन'चा कॅमेरा त्याचा, त्या फिल्मला बर्लिन फेस्टिव्हलचं सगळ्यात मोठं बक्षीस, गोल्डन बेअर, मिळालं, एका बाईच्या फिल्मला पहिल्यांदाच. मग डिरेक्टर इश्तवान साबोबरोबर 'मेफिस्टो', 'कर्नल रेड्ल', 'हानुसेन', आणि 'मेफिस्टो'ला तर ऑस्कर. पुढे इटलीत तोर्नातोरेची 'मालेना', तिच्यासाठी त्याला स्वतःला ऑस्कर नॉमिनेशन होतं. पण या सगळ्या फिल्म्स दुसऱ्यांच्या गं, तो फक्त लाइट आणि फ्रेम सांभाळत होता, तीस वर्षं.

आणि मग 2005 मध्ये पहिली फिचर फिल्म डिरेक्ट केली, 'फेटलेस', साठीला टेकला होता तेव्हा! इम्रे केर्तेसच्या कादंबरीवरची, पटकथा केर्तेसनेच लिहिलेली. हा लेखक 1944 मध्ये चौदा वर्षांचा असताना आउशवित्झला आणि तिथून बुखेनवाल्डला, म्हणजे नाझींच्या छळछावण्यांत, नेला गेलेला. फिल्ममध्ये सुरुवातीला बुडापेस्टचं घर आहे ना, तिथे उबदार रंग आहेत, आणि गोष्टीतला पोरगा कॅम्पात गेल्यावर रंग असा हळूहळू उतरत जातो की कधी जवळपास ब्लॅक अँड व्हाइट झालं ते आपल्याला कळतच नाही. कैद्यांना हजेरीसाठी तासन्‌तास उभं ठेवलंय, माणसं उभ्या उभ्या झुलतायत, तो सीन मला अजून विसरता येत नाही. कुठे आरडाओरडा नाही, रडारड नाही, नुसतं बघत राहायचं. इतका धीर एकदम येत नाही सई, तो वर्षानुवर्षं दुसऱ्यांचे सीन बघून येतो असं मला मनापासून वाटतं.

अजून एक, या फिल्मचा कॅमेरा त्याने ज्युला पादोशला दिला. एवढा मोठा कॅमेरामन, पण कॅमेरा दुसऱ्याच्या हातात!

2023 मध्ये त्याची 'झेमेलवाइस' आली, व्हिएन्नात डॉक्टरांना हात धुवायला लावणाऱ्या डॉक्टरची गोष्ट, तेव्हा तो 77 वर्षांचा.

तू फिल्म कर, मी अडवत नाही आणि पैशाचंही बघू. पण आत्ता हातात आहे ते शेड्यूल सोडू नकोस. आणि 'फेटलेस' बघितलीस की रंग नक्की कुठून उतरायला लागतो ते मला सांग, तुझी नजर माझ्यापेक्षा पक्की आहे.

तुझा,
बाबा