सुतार नट पेद्रो इन्फान्ते

महोदय,
मेक्सिकन सिनेमा म्हटले की आपल्याकडे चर्चा दिग्दर्शकांची होते. बुन्युएलवर लेख येतात, पण पेद्रो इन्फान्ते हे नाव कुणी घेत नाही. मेक्सिकोच्या घराघरांत मात्र आजही तोच आहे.

१९१७ मध्ये मासात्लान या बंदराच्या गावी जन्मलेला हा मुलगा ग्वामुचिलमध्ये वाढला. शिक्षण बेताचेच, पण हात कुशल. सुतारकाम शिकता शिकता त्याने स्वतःची गिटार बनवली, असे सांगतात. पुढे मेक्सिको सिटीत रेडिओवर गाऊ लागला आणि तिथून पडद्यावर आला. ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’मध्ये (१९४८) त्याने वस्तीतला सुतार पेपे एल तोरो रंगवला. रंधा कसा धरायचा, हे त्याला दिग्दर्शक इस्माएल रोद्रिगेसने शिकवावे लागले नसणार! तुरुंगात गेलेल्या या गरीब बापासाठी अख्खा देश रडला. कथानक अतिरंजित आहे, हे मान्य. तरी त्याचा अभिनय खोटा वाटत नाही.

विमान चालवण्याचे त्याला वेड होते. १९४९ च्या अपघातात कवटीला जबर इजा होऊनही ते सुटले नाही. १५ एप्रिल १९५७ रोजी मेरिदा येथे मालवाहू विमान कोसळून तो गेला, अवघ्या ३९ व्या वर्षी. त्याच वर्षी ‘तिसोक’साठी बर्लिन महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले, मरणोत्तर.

आपल्या रविवार पुरवणीत अशा नटांवर एखादी लेखमाला यावी, ही विनंती.

– एक वाचक, सातारा