सुभेदारकाका, तुमचे मनापासून आभार

आदरणीय सुभेदारकाका,
सप्रेम नमस्कार.

आमच्या घरात पणजोबांविषयी एकच वाक्य चालत आलं होतं : "बसऱ्याला गेले, ते गेलेच." बसरा म्हणजे आजच्या इराकमधलं बंदर. गावच्या चावडीत संगमरवरी पाटी आहे. पाटीवर 1914 ते 1919 असं लिहिलेल्या पहिल्या महायुद्धात गावातले किती गेले, किती कामी आले, याचे आकडे. नाव एकाचंही नाही. बसऱ्याच्या स्मारकावरही साध्या हिंदी शिपायांची नावं कोरलेली नाहीत, पलटणीवार संख्याच आहे, हे तुमच्याकडूनच कळलं. पण तुम्ही तिथे थांबला नाहीत. युद्धात पडलेल्या सैनिकांच्या नोंदी ठेवणाऱ्या राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाच्या यादीत पणजोबांच्या वडिलांचं नाव, गाव, तालुका ताडून पाहत पणजोबांना शोधून काढलंत. 117 मराठा पलटण, इराकमधलं तैग्रिस नदीकाठचं कुत-अल-अमारा.

त्याहून मोठे उपकार म्हणजे तिथे काय झालं ते न लपवता सांगितलंत. घरातल्या पोरांना लढाईची गोष्ट हवी होती. तुम्ही चिखल सांगितलात. डिसेंबर 1915 पासून तिथल्या ब्रिटिश-हिंदी फौजेला तुर्कांचा 147 दिवस वेढा. जानेवारीत तैग्रिसला पूर आला आणि पुढचे खंदक पाण्यात गेले. थंडीत माणसं भिजल्या कपड्यांनी उभी. भाजीचं पान मिळेना, म्हणून स्कर्व्ही हा रोग. हिरड्या सुजून रक्त यायचं, भरलेल्या जखमा पुन्हा उकलायच्या. घोड्याचं मांस होतं, पण गावात तोंड कसं दाखवायचं म्हणून कितीतरी जणांनी ते महिनोन् महिने नाकारलं. शेवटी विमानांतून पिठाची पोती टाकली, तीही पुरली नाहीत. 29 एप्रिल 1916ला शरणागती, आणि सुमारे 13,000 माणसं कैदेत. वाळवंटातल्या त्या पायपिटीत आणि छावण्यांत हजारो मेले. आमचे पणजोबा त्याआधीच वेढ्यात गेले.

आई इतकी वर्षं त्यांच्या नावानं पान वाढते. यंदा पितृपक्षात तिनं पहिल्यांदा विचारलं, "त्यांना भाकरी तरी मिळत होती का गं?" हा प्रश्न आमच्या घरात तुमच्यामुळे आला, काका. शौर्याचे पोवाडे पुष्कळ ऐकलेत. उपाशी, आजारी माणूस आम्हाला कुणी दाखवला नव्हता.

चावडीच्या पाटीखाली नावांची नवी पाटी बसवायला ग्रामपंचायत तयार आहे. बाकीच्या घरांनीही जुने कागद काढून ठेवलेत. ते तुमच्याच नजरेखालून जायला हवेत. काकूंना घेऊन या, मुक्काम आमच्याकडेच करा.

तुमची,
एका शिपायाची पणती