पिंजरा नको, आधी डक्टला जाळी बसवा

प्रति,
मा. अध्यक्ष व व्यवस्थापक समिती सदस्य,
आपली सहकारी गृहनिर्माण संस्था, पुणे

विषय : गच्चीवर येणाऱ्या उदमांजरासाठी पिंजरा लावण्याच्या प्रस्तावाला हरकत आणि पर्यायी उपाय

सप्रेम नमस्कार.

ए विंगच्या गच्चीवर दिसलेल्या प्राण्यावरून आपल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर जे काही झाले ते आपण वाचलेच असेल. कुणी त्याला बिबट्याचे पिल्लू ठरवले, कुणी मुंगूस, आणि एका उत्साही सभासदाने अमेरिकेतल्या रॅकूनचे व्हिडिओ टाकून ‘हाच तो’ असे जाहीर करून टाकले. आता पिंजरा लावणाऱ्या एका खासगी माणसाला बोलावण्याचा प्रस्ताव सूचना फलकावर लागला आहे. त्याला माझी हरकत आहे. नुसती हरकत घेऊन बाजूला होणे बरे नाही, म्हणून पत्र जरा लांबले आहे.

तो रॅकून नाही. रॅकून मूळचा उत्तर अमेरिकेतला. माणसांनी नेला म्हणून जर्मनीत आणि जपानमध्येही पसरला, पण आपल्याकडच्या रानात तो नाही. आपल्याकडे आले आहे ते उदमांजर. फोटोत करडे-काळपट अंग, पाठीवर ठिपक्यांच्या पुसट रांगा आणि डोळ्यांभोवती काळसर मुखवटा दिसतो. मुखवट्यानेच घोळ केला असणार. पण रॅकूनच्या शेपटीवर पट्ट्यांची वलये असतात, याची शेपूट सरळ काळपट आणि जवळजवळ अंगाइतकी लांब. वजन साधारण दोन ते पाच किलो. मांजर म्हणत असलो तरी मांजराच्या कुळाशी त्याचा संबंध नाही.

ओळख नीट पटणे गरजेचे आहे, कारण त्या व्हिडिओंमध्ये रॅकून माणसाच्या हातून बिस्किटे घेतो, पुढच्या पायांच्या बोटांनी डब्यांची झाकणे उघडतो, अंगणात ठाण मांडून बसतो. ते पाहून निम्म्या लोकांना त्याला खायला घालावेसे वाटते आणि उरलेल्यांना तो रात्री घरात शिरेल अशी धास्ती वाटते. उदमांजर यातले काहीच करत नाही. ते एकटे राहते, रात्रीच फिरते आणि माणूस दिसला की आधी थिजून उभे राहते, मग पाइपावरून किंवा फांदीवरून निघून जाते. आपण टॉर्च मारतो तेव्हा चमकणारे डोळे आपल्याकडे रोखलेले वाटतात, त्याला काही जण ‘अंगावर येत होते’ म्हणतात. अंगावर ते येत नाही. कोंडीत सापडले तर मात्र फिस्कारते, चावते आणि शेपटीखालच्या ग्रंथींतून उग्र वासाचा स्राव सोडते. त्या वासाने जिना दोन दिवस नकोसा होईल, हे वॉचमनला काठी घेऊन वर पाठवण्याआधी लक्षात घ्यावे.

ते इथे का येते, याचे उत्तर आपल्याच आवारात आहे. क्लब हाउसच्या मागे बिल्डरने शोभेसाठी लावलेले भेरली माड आहेत. त्यांची फळे माणसाच्या हाताला लागली तरी खाज सुटते, पण उदमांजराला ती फार आवडतात. कुंपणाला उंबर आहे, त्यापलीकडे टेकडी. गच्चीच्या कठड्यावर बियांनी भरलेली विष्ठा सापडते आणि ती मुलांनी टाकलेली घाण आहे म्हणून मुलांना रागे भरले गेले, ती याचीच. उंच, मोकळ्या जागी विष्ठा टाकून ठेवणे ही त्याची सवय आहे. (याच्याच विष्ठेतून वेचलेल्या बियांची कॉफी इंडोनेशियात तयार होते आणि जगभर महाग विकली जाते. आपल्या गच्चीवर मात्र फक्त माडाच्या आणि उंबराच्या बिया मिळतील.) शिवाय ते उंदीर, घुशींची पिल्ले, झुरळे, गोगलगायी खाते. कचऱ्याच्या खोलीत उंदीर झाल्याची तक्रार याच समितीपुढे आली होती, तेव्हा हा पाहुणा सर्वस्वी तोट्याचा नाही.

झाडांचे आपण फारसे काही करू नये. पण बाकीची मेजवानी आपण रोज मांडतो. बऱ्याच मजल्यांवर ओल्या कचऱ्याचे डबे रात्रीच दाराबाहेर ठेवले जातात, कारण सकाळी सफाई कामगार लवकर येतात. खतपिटाचे झाकण तुटल्यापासून त्यावर प्लायवूडचा तुकडा ठेवलेला आहे. पार्किंगमध्ये भटक्या मांजरांसाठी रात्रभर खाणे भरून ठेवलेले असते. ज्या भगिनी हे मनापासून करतात त्यांना माझी विनंती इतकीच की वाडगे संध्याकाळी ठेवावे आणि अंधार पडायच्या आत उचलावे. मांजरांना वेळेची सवय होते.

आता पिंजऱ्याचे. पहिली गोष्ट कायद्याची. उदमांजराला १९७२ च्या वन्यजीव (संरक्षण) कायद्याचे संरक्षण आहे, आणि त्या कायद्यात शिकार म्हणजे केवळ मारणे नव्हे. पकडणे, सापळा लावणे, विष घालणे हेही शिकारीतच धरले आहे. परवानगीशिवाय पिंजरा लावला तर गुन्हा आणि ठराव करणारी समिती त्यात आलीच. कोटेशन देणाऱ्या माणसाने वनविभागाची परवानगी दाखवली आहे का, एवढे सेक्रेटरींनी आधी विचारावे.

दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. समजा, परवानगीही मिळाली आणि ते उदमांजर पकडून कुठेतरी दूर सोडले. तिथे आधीच दुसऱ्या प्राण्यांचा वावर, खाणे कुठे मिळते ते याला ठाऊक नाही, लपायला जागा माहीत नाही. आणि इथे माड तसेच, डबे तसेच, गच्चीवरची फट तशीच. महिन्या-दोन महिन्यांत टेकडीवरून दुसरे येईल आणि आपण पुन्हा कोटेशन मागवू.

पण खरी काळजी फटीची आहे. ए विंगच्या प्लंबिंग डक्टची (पाइप नेणाऱ्या उभ्या पोकळीची) वरची प्लास्टिकची जाळी फाटलेली आहे आणि रात्री तिथूनच ये-जा होते. आठव्या मजल्यावरच्या कुटुंबाला बाथरूमच्या फॉल्स सीलिंगवर धावपळ आणि बारीक चिरके आवाज ऐकू येतात. ही मादी असून आत पिल्ले असण्याची शक्यता मी सर्वांत आधी धरीन. एका वेळी दोन ते पाच पिल्ले होतात. अशा वेळी मादी पिंजऱ्यात सापडली, किंवा घाईघाईने फट सिमेंटने बुजवली, तर पिल्ले आत उपाशी मरतील आणि तो वास त्या संपूर्ण उभ्या लाइनमधल्या प्रत्येक बाथरूममध्ये येईल. मादी बाहेर अडकली तर पिल्लांसाठी ती पाइप, खिडक्यांच्या जाळ्या, एसीचे इन्सुलेशन, जे सापडेल ते ओरबाडेल. म्हणजे आज जो त्रास एका घराला आहे तो आठ घरांना होईल. डक्टमध्ये मिरचीचा धूर करण्याची सूचनाही आली होती. त्या डक्टमधून केबल्या गेल्या आहेत याची आठवण मी फक्त करून देते.

त्याऐवजी वनविभागाच्या १९२६ या हेल्पलाइनवर समितीतर्फे फोन करावा. बावधनला वन्यप्राण्यांवर उपचार करणारे केंद्र आहे, तिथल्या प्रशिक्षित लोकांना अशी प्रकरणे नवी नाहीत. ते येऊन पिल्ले आहेत की नाहीत ते पाहतील. पिल्ले असतील तर ती आईच्या मागे हिंडू लागेपर्यंत थांबायचे. काही आठवड्यांचा प्रश्न आहे. तोवर त्या सीलिंगला कुणी हात लावू नये.

जागा रिकामी झाली हे कळायला साधा उपाय आहे. फटीच्या तोंडाशी संध्याकाळी कणीक भुरभुरायची आणि फटीत वर्तमानपत्राचा चुरगळलेला बोळा सैल बसवायचा. सलग काही रात्री बोळा हलला नाही, कणकेवर पावले उमटली नाहीत, की आत कुणी नाही. मग त्याच दिवशी, उजेडात, गॅल्व्हनाइज्ड वेल्डमेश, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेली तारेची जाळी, स्क्रूने पक्की बसवायची. प्लास्टिकची जाळी पुन्हा लावली तर पैसे वाया जातील. लिफ्टच्या मशीन रूमचे तावदान आणि बी विंगच्या टाकीखालची पोकळी यांचेही त्याच वेळी करून घ्यावे. माडाच्या आणि उंबराच्या ज्या फांद्या इमारतीला टेकतात तेवढ्याच छाटाव्यात, त्याही महापालिकेच्या उद्यान विभागाची परवानगी घेऊन. पूर्ण झाड तोडण्याची मागणी कुणी करत असेल तर १९७५ चा वृक्ष संरक्षण कायदा आहे, हे सांगून ती तिथेच थांबवावी.

सूचना फलकावर खरे तर दुसराच मजकूर लागायला हवा. रात्री गच्चीवर किंवा जिन्यात उदमांजर दिसले तर थांबावे, दोन पावले मागे यावे, त्याला जायला वाट मोकळी ठेवावी. डोळ्यांवर टॉर्च धरू नये, फ्लॅश मारू नये, रीलसाठी जवळ जाऊ नये. कुत्रा सोबत असेल तर पट्टा आखडून धरावा. चावे बहुतेक अशाच झटापटीत होतात. घरात शिरले तर मुलांना आणि पाळीव प्राण्यांना दुसऱ्या खोलीत न्यावे, आतली दारे लावून घ्यावीत, बाल्कनी किंवा खिडकी सताड उघडावी, दिवा मालवावा आणि आपण बाहेर पडावे. ते आले त्या वाटेने जाईल. झाडू घेऊन मागे लागणे म्हणजे त्याला कपाटामागे कोंबणे. दिवसा दिसले म्हणजे ते पिसाळले असे नाही. डक्टमध्ये ठोकाठोक झाली तरी ते दिवसा बाहेर पडते. मात्र ते झोकांड्या देत असेल, लाळ गळत असेल, माणसाला अजिबात बिचकत नसेल, तर कुणीही जवळ न जाता १९२६ ला कळवावे. एकटे पिल्लू सापडले तर उचलू नये, दूध पाजू नये. रात्री आई न्यायला येते. जखमी असेल किंवा सकाळपर्यंत तिथेच असेल तर मात्र फोन करावा.

चावले किंवा ओरखडले तर हयगय नको. रेबीज कोणत्याही सस्तन प्राण्यापासून होऊ शकतो. जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी. हळद, चुना, तिखट काही लावू नये. त्याच दिवशी दवाखाना गाठावा. वन्यप्राण्याचा चावा गंभीर श्रेणीत धरतात, त्यामुळे लसीबरोबर इम्युनोग्लोब्युलिनही (तयार प्रतिपिंडांचे इंजेक्शन) लागते, आणि लसीचे सगळे डोस ठरलेल्या तारखांना पूर्ण करावे लागतात. ‘नुसते खरचटले आहे’ म्हणून घरी बसणारे आपल्याकडे कमी नाहीत. घरच्या कुत्र्या-मांजरांच्या लसी राहिल्या असतील त्यांनी त्याही आताच उरकाव्यात. गच्चीवरची विष्ठा कोरडी झाडू नये. आधी जंतुनाशक शिंपडून ओली करावी, मग हातमोजे आणि मास्क घालून उचलावी. सफाई कामगारांना हे साहित्य सोसायटीने द्यावे, त्यांच्या खिशातून नको.

उदमांजरामुळे सार्स (श्वसनाचा गंभीर आजार) होतो असा एक मेसेजही फिरतो आहे. २००३ च्या सुमारास चीनच्या ग्वांगडोंगमधल्या बाजारांत पिंजऱ्यांत दाटीने ठेवलेल्या प्राण्यांमध्ये सार्सचा विषाणू सापडला होता, पण ती उदमांजराची वेगळी जात आणि विषाणूचे मूळ वटवाघळांकडे जाते. टेकडीवरून येऊन माड खाणाऱ्या प्राण्याला त्यात ओढण्याचे कारण नाही. हा मेसेज ग्रुप अ‍ॅडमिननी काढावा.

येत्या बैठकीत पिंजऱ्याचा ठराव मागे घ्यावा, १९२६ ला फोन कुणी करायचा ते नावानिशी ठरवावे, वेल्डमेशच्या कामाचे दोन कोटेशन मागवावेत आणि खतपिटाचे झाकण या आठवड्यातच बदलावे. ओल्या कचऱ्याचे डबे सकाळी सहानंतर बाहेर ठेवायचा नियम करायचा तर सफाईची वेळ अर्धा तास पुढे न्यावी लागेल. कंत्राटदाराशी ते आधी बोलून घ्यावे, नाहीतर नियम पहिल्याच दिवशी मोडेल. कणीक भुरभुरायचे काम मी करीन. गच्चीची किल्ली संध्याकाळी मला मिळेल एवढे वॉचमनला सांगून ठेवावे.

आपली,
(सही)
सभासद, बी विंग

प्रत : मा. सेक्रेटरी, सूचना फलक, ए विंग