टेबलावर बाटली नव्हती

मा. संपादक यांस,
स.न.वि.वि.

खऱ्या गुन्ह्यांवरच्या माहितीपटांसाठी मी ९ वर्षे कला विभागात काम करते. घटना घडली ती खोली पुन्हा उभी करणे, हे आमचे काम.

गेल्या वर्षी गोरेगावच्या एका फ्लोअरवर आम्ही चाळीतली खोली लावली. घटना १९९४ची, त्यात एका बाईंचा जीव गेला. चोर बाजारातल्या मटण स्ट्रीटवरून पितळी स्टोव्ह आणला, रद्दीवाल्यांकडे हिंडून त्या सालचे कालनिर्णय मिळवले. खिडकीबाहेरच्या दुकानाच्या पाटीवर फोन नंबर ७ आकडी रंगवून घेतला, कारण मुंबईचे नंबर ८ आकडी झाले ते २००२ मध्ये. पंचनाम्याची प्रत माझ्या हातात होती. फळीवरचे डबे, पाण्याचे पिंप, शिलाई मशीन, सुईत राहिलेला निळा दोरा. तो दोराही मी ओवला.

शॉट लागायच्या आधी निरोप आला, टेबलावर दारूची बाटली आणि दोन ग्लास ठेव, फ्रेम रिकामी दिसतेय. पंचनाम्यात बाटली नाही, असे मी सांगितले. 'नाट्यरूपांतर आहे, चालतं,' असे उत्तर मिळाले. मी बाटली ठेवली.

पुढे माझ्या आत्याने घरी तो भाग पाहिला आणि म्हणाली, ''बाई पीत होती वाटतं.''

तेव्हापासून मला चैन नाही. कालनिर्णय खरे, स्टोव्ह खरा, दोरा खरा, म्हणूनच बाटलीही खरी वाटली. माझी सगळी मेहनत त्या एका खोट्या वस्तूची साक्षीदार झाली. 'नाट्यरूपांतर' ही पाटी सुरुवातीला दोन सेकंद, बारीक इंग्रजी अक्षरांत येऊन गेली. आत्याला ती दिसलीही नाही.

मृत व्यक्तीचीही बदनामी होऊ शकते, हे भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६च्या स्पष्टीकरणात आहे. पण बाटलीसाठी कोर्टाची पायरी कोणते घर चढेल? त्या बाईंची मुलगी तेव्हा शाळेत होती. तिला कोणी विचारलेसुद्धा नाही.

'नाट्यरूपांतर' ही पाटी मराठीत, वाचता येईल अशा अक्षरांत, प्रसंग संपेपर्यंत पडद्यावर राहिली पाहिजे. आणि गेलेल्या माणसाच्या चारित्र्यावर बोट ठेवणारी वस्तू पंचनाम्यात नसेल, तर ती सेटवर येता कामा नये. बाटली असलेले शॉट काढावेत, असे मी निर्मात्यांना लेखी कळवले आहे. अजून उत्तर आलेले नाही.

– कला दिग्दर्शन सहायक, भांडुप
(कृपया नाव छापू नये.)