पंढरपूरजवळ नाही, मंगळवेढा म्हण

चि. बाळास,
आप्पाचे अनेक आशीर्वाद.

हे फोनवर पण बोलता आलं असतं, पण फोनवर तू घाईत असतेस आणि मलाही सगळं नीट सांगायला जमत नाही, म्हणून मोबाईलवर बसून टाइप करतोय, शुद्धलेखन बघू नको. गेल्या आठवड्यात पुण्याला आलो होतो तेव्हा तुझ्या ऑफिसातल्या मैत्रिणीनं विचारलं गाव कुठलं, तर तू म्हणालीस, "पंढरपूरजवळ एक छोटं गाव आहे, तुला माहीत नसणार." तेव्हा मी काही बोललो नाही. पण येताना एसटीत टेंभुर्णी येईपर्यंत तेच डोक्यात घोळत होतं.

पोरी, मंगळवेढा म्हणायचं. नाव घेऊन सांगायचं.

अगं बाराव्या शतकात कल्याणला, म्हणजे आताच्या कर्नाटकातल्या बसवकल्याणला, गादीवर बसायच्या आधी कलचुरींचा बिज्जळ इथूनच कारभार बघायचा, आणि महात्मा बसवेश्वरांनी त्याच्या दरबारी हिशेबाची नोकरी धरली ती इथंच असं जुनी माणसं सांगत आली. नंतर बहामनी आले, विजापूरवाले आले, आणि पार १९४८ पर्यंत आपण सांगली संस्थानात होतो. सोलापूर पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर आणि राजा सांगलीचा, म्हणून तुझे पणजोबा शेवटपर्यंत "आम्ही संस्थानी" म्हणायचे.

पण राजांचं जाऊ दे. मला तुला धान्याचं सांगायचंय, कारण आपल्या गावाचं सगळं त्याच्यावरच उभं आहे.

जुन्या वाड्यामागं आता जिथं मोटारसायकल लावतो ना, तिथं आपलं पेव होतं. तू बघितलं नाहीस, तुझ्या जन्माआधीच बुजवलं. जमिनीत विहिरीसारखा खड्डा, तोंड अरुंद आणि पोट मोठं, आतून कडब्याचा थर आणि वरनं दगड ठेवून मातीनं लिंपलेलं. त्यात ज्वारी वर्षानुवर्षं टिकायची. पेव उघडायचं म्हणजे गल्लीतली पोरं गोळा व्हायची पण आजोबा कुणाला जवळ येऊ द्यायचे नाहीत, आत वाफ कोंडलेली असते, माणूस उतरला तर तिथंच गुदमरायचा. आधी दिवसभर तोंड उघडं ठेवायचं मग दोरीनं कंदील खाली सोडायचा. कंदील विझला तर अजून थांबायचं, जळत राहिला तरच गडी उतरायचा. मी सात-आठ वर्षांचा असेन, तो कंदील हळूहळू खाली जाताना आणि दाण्यांवर पिवळा उजेड पडताना मला अजून दिसतो. ते उबट, आंबूस वासाचं धान्य वर आलं की पहिलं सूप शेजारच्या घरात जायचं, आपल्यात नाही. बुजवताना मी विरोध केला नाही याची आज मला फार खंत वाटते.

दामाजीपंतांची गोष्ट तुला माहीत आहे, पण ती पेवाशेजारी उभं राहून ऐकायला पाहिजे. पंधराव्या शतकात बिदरच्या बादशहाचा माणूस म्हणून इथं सरकारी धान्य सांभाळणारा, आणि दुष्काळात लोक रस्त्यावर मरायला लागल्यावर त्यानं ती सरकारी कोठारं उघडून दिली, मालक तो नव्हता, शिक्षा काय होणार ते पण ठाऊक होतं. पुढं विठोबा विठू महाराच्या रूपात बिदरला जाऊन पैसे भरून आला हे सगळे सांगतात आणि मी पण मानतो. पण मला देव यायच्या आधीचा तो दिवस मोठा वाटतो, ज्या दिवशी त्यानं कुलपं काढली.

आणि चोखोबांचं विसरू नको. दामाजींचा पुतळा मोठा आहे म्हणून लोक तेवढंच सांगतात. चोखामेळा इथंच राबला, इथंच १३३८ साली गावकुसाचं काम चालू असताना भिंत कोसळली आणि त्याखाली इतर मजुरांबरोबर गेला. नामदेव महाराज त्यांची हाडं शोधायला इथं आले, ज्या हाडांतून विठ्ठल विठ्ठल ऐकू आलं ती घेऊन गेले, अशी कथा आहे. समाधी पंढरपुरात, महाद्वारासमोर, नामदेव पायरीपाशी. ज्याला जिवंतपणी देवळात घेतलं नाही त्याची जागा दारातच राहिली, आणि जे कूस तो बांधत होता ते ज्या गावाचं त्या गावात त्याला राहायला जागा नव्हती, वस्ती कुसाबाहेर. हे आपल्या गावाचंच आहे, तुझ्या मैत्रिणीला दामाजी सांगशील तेव्हा हे पण सांग. कान्होपात्रा पण इथलीच, बादशहाकडं जायला नको म्हणून पंढरीला विठोबाच्या पायाशी प्राण सोडणारी.

आता आपल्या रानाचं. यंदा हस्ताचा पाऊस बरा झाला, पेरणी साधली. तुला आठवतं का, उन्हाळ्यात आपल्या काळ्या रानात भेगा पडायच्या त्यात तू कोपरापर्यंत हात घालायचीस? तीच माती पावसाळ्यात पाणी पिऊन बसते आणि मग थंडीत नुसत्या ओलीवर ज्वारी येते, विहीर नाही, बोअर नाही. मालदांडी म्हणजे ती, मोत्यासारखा दाणा. १९३० च्या दशकात मोहोळच्या संशोधन केंद्रात या मालदांडीतनंच निवड करून 'मालदांडी ३५-१' नावाचा वाण काढला आणि तो लाखो एकरांवर गेला. २०१६ ला मंगळवेढ्याच्या ज्वारीला भौगोलिक मानांकन मिळालं, तुम्ही जीआय म्हणता ते. पण काढायला माणूस मिळत नाही गं. ज्वारी मुळासकट उपटायची, तुझ्या आईच्या तळहाताला फडकं गुंडाळलेलं असायचं तरी संध्याकाळी भाकरी थापताना ती हात झटकायची. शेजारच्यांनी यंदा ऊस लावला, मी त्यांना नाव ठेवत नाही, त्यांना पोरांच्या फिया भरायच्यात. आणि दक्षिणेकडच्या गावांना तर पाण्यासाठी किती वर्षं भांडावं लागलं तू बघितलंयस. मी मात्र होतंय तोवर ज्वारीच पेरणार.

गावातल्या ट्रॅव्हल्सनं अर्धं पोतं पाठवलंय, गेल्या सुगीचं आहे, स्वारगेटला उतरवून घे. सगळं एकदम दळू नको, पीठ जुनं झालं की विरी जाते आणि भाकरी चिरते, पंधरा दिवसांचं दळत जा. आईनं शेंगाची चटणी वेगळ्या डब्यात दिलीय.

कणसं आता पोटरीतनं बाहेर पडलीत, जानेवारीच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात हुरडा होईल. त्या मैत्रिणीला पण घेऊन ये. कधी येणार ते आधी कळव, आगटीला गोवऱ्या काढून ठेवतो.

तुझे,
आप्पा